बेबी अजून हवेत आहे

दादा, तू बेबीला हवेत लटकवून गेलास. असं कोणी करते का गा? आयुष्यभर ज्याला त्याला ऐकवलंस, की भार हवेत असताना क्रेनवाला खुर्ची सोडत नाही, आणि स्वतःची वेळ आली तेव्हा सरळ उठून चालता झालास. मी चिडले आहे तुझ्यावर. हे आधी लिहून ठेवते, मग बाकीचं.

माझी भाषा लिहिताना शुद्ध होऊन राहिली, हे पाहून तू फिदीफिदी हसला असतास. अख्खी नोकरी वॉर्डातली रजिस्टरं लिहिण्यात गेली, त्यामुळे पेन हातात आला की 'मले-तुले' आपोआप पळून जातं. बोलताना येते परत, काळजी नको करू.

तर बेबी दोन. एक मी, तुझी धाकटी बहीण, सरकारी दवाखान्यातून रिटायर झालेली सिस्टर, सध्या डावा पाय प्लास्टरमध्ये. दुसरी तुझ्या टीव्हीतली. डोक्याला फडकं, पाठीवर गाठोडं, खांद्यावर गुंडाळलेले कापडी पंख. तिने डोंगर चढायचा, वरून उडी मारायची, पंख उघडायचे आणि खोऱ्यापल्याडच्या झोपडीपाशी उतरायचं. एवढाच तुझा गेम. सुरू करताना तो नाव विचारतो म्हणे. माझ्या मयुरीने तुला विचारलं, "मामा, हिचं नाव काय ठेवू?" तू माझ्याकडे पाहून म्हणालास, "बेबी ठेव. हे बी कोणाचं ऐकत नाही." मी तिथेच भाजी निवडत बसले होते. दोन दिवस तुझ्याशी बोलले नाही मी, आठवते का? तिसऱ्या दिवशी तूच मोसंबी घेऊन आलास.

तो गेमचा पांढरा डबा आणला मयुरीनेच. काही महिने ती नागपुरात राहून ऑफिसचं काम करत होती, तेव्हा सोबत घेऊन आली. पुण्याला परत जाताना मात्र तो इथेच ठेवून गेली. मला म्हणाली, "आई, मामाजवळून हा हिसकून नेला तर पाप लागेल मला." खरंच होतं ते. धरमपेठेत जरा फिरून येऊ म्हटलं की तुझे गुडघे दुखायचे. आणि त्या बेबीला घेऊन सकाळी सातपासून डोंगर चढायला बसलास की गुडघ्यांचं नाव नाही.

ते थांबवायचं बटण मयुरीने तुला पहिल्याच दिवशी शिकवलं होतं. तुझ्या हातात तो दोन मुठींचा रिमोट देऊन म्हणाली, "मामा, हे तीन रेघांचं बारीक बटण पाहा. हे दाबलं की आतलं सगळं जग थांबते. पाणी प्या, जेवा, झोपा. परत आले की जिथं होते तिथूनच सुरू." आणि तिने दाबून दाखवलं. बेबी उडी मारून अर्ध्यात होती, तशीच राहिली. शेजारून उडणारा बगळा पंख वर करून थांबला. झाडावरून सुटलेलं पान पडायचं थांबलं. तू चष्मा पुसून जवळ गेलास आणि त्या पानाकडे किती वेळ पाहत बसलास. मग म्हणालास, "अरे बाप्पा! आमच्या क्रेनले असं बटण असतं तर!"

पण ते बटण तू हवेत कधी दाबलं नाहीस. आधी बेबीला झोपडीपाशी न्यायचास, तिचे पाय जमिनीला टेकवायचास, मग तीन रेघा. यावरून या घरात किती भांडणं झाली, दादा! त्या रविवारी बेसनाच्या वड्या थापून पातोडीचा रस्सा केला होता. मी स्वयंपाकघरातून हाक मारली.

"दादा, ताट वाढलं!"

"उतरवून येतो."

दहा मिनिटं झाली. मी पळी हातात घेऊन दारात आले.

"काहून थांबवत नाही गा? बटण आहे ना? माह्या पोरीनं शिकवलं ना तुले?"

"बटण हाये. पण बेबी वर हाये."

"ते चित्र आहे!"

"चित्र असो का लोखंड. खाली टेकवल्याबिगर मी खुर्ची सोडत नाही."

"मंग पातोडी त्या बेबीलेच माग!"

"तिच्या गाठोड्यात भाकर हाये. ते तुह्यासारखी माह्या मांगं लागत नाही."

रस्सा गार झाला, पातोडी फुगून मऊ झाली, आणि मी जेवणभर तणतणत राहिले. हात धुताना तू शांतपणे म्हणालास, "यंत्र थांबलं म्हंजे भार थांबला, असं नसते वं बेबी." मी म्हटलं, हो का, मोठा आला शहाणा. ते भांडण तिथेच राहिलं. ते मी जिंकणार होते, माझ्याजवळ मुद्दे होते.

तुला वाटायचं मला तुझ्या कामाचं काही कळत नाही. अरे, मी पाहिलं होतं तुला. बुटीबोरीच्या कारखान्यात एकदा घरच्या लोकांना आत नेलं होतं. शेडच्या छताजवळून ती पुलासारखी क्रेन इकडून तिकडे जायची आणि तिला टांगलेल्या काचेच्या कॅबिनमध्ये तू. खालून तुझं डोकं मोसंबीएवढं दिसत होतं. खाली लोखंडी पत्र्याची भेंडोळी, एकेक हत्तीएवढं. तुम्हा लोकांना दाखवायची हौस आली. कोणीतरी जमिनीवर एक काडीपेटी अर्धी उघडून उभी ठेवली. खाली उभं राहून तुला खुणा करणारा माणूस, तुम्ही त्याला खलाशी म्हणायचात, हात हलवून ओरडू लागला, "आरिया... आरिया..." म्हणजे खाली सोड, आणखी खाली सोड. वरून तो माणसाएवढा हूक उतरत आला. काडीपेटीला टेकला. आणि तिचं उघडं खोकं त्याने अलगद आत सरकवलं. काडीपेटी चेपली नाही, पडलीसुद्धा नाही.

शेडमधले सगळे पाहायला पुढे वाकले. मग टाळ्या पडल्या. दिवसभर तान्ह्या बाळांच्या केसाएवढ्या शिरेत सुया लावणारी बाई मी, हात हलका असणं म्हणजे काय ते मला माहीत. पण माझा हात त्या बाळापाशी असायचा. तुझा हात तिथे वर, आणि इथे खाली नुसतं लोखंड. ते लोखंड तुझं ऐकत होतं. घरी येताना मी तुला म्हटलं, "बरं होतं." बस, एवढंच. का म्हटलं मी असं? तोंडाला काय झालं होतं माझ्या?

त्या दिवसापासून 'आरिया' घरात शिरलं. माळ्यावरून गाद्या काढायच्या तर तू वरून आणि मी खालून, "आरिया, आरिया." मयुरी ओढणीला टोपली बांधून गॅलरीतून बाहुल्या खाली सोडायची आणि शेजारच्या मुलींना वाटायचं, हिच्या बाहुलीचं नावच आरिया आहे.

आणि ती वीज गेली होती ती दुपार. तुझी पाळी तीनला संपायची, मयुरीला शाळेतून तू आणणार होतास. भार अर्ध्यात लटकलेला असताना वीज गेली. ब्रेक आपोआप लागतो, शिडी होती, सगळे म्हणाले उतर खाली. तू उतरला नाहीस. दिवेलागणीला वीज आली, भार खाली ठेवलास, मग घरी. मी दारातच धरलं तुला. "ब्रेक लागला होता ना? मंग काहून बसून राहिला वर? पोरगी शाळेच्या फाटकात रडून राहिली होती!" तू म्हणालास, "ब्रेक लागला हे मले माहीत. खालून जाणाऱ्याले काय माहीत, डोक्यावर काय हाये? कॅबिनमंधी मी दिसलो का तो वर पाहते, बाजूनं जाते." मला तेव्हा ते पटलं नाही. मला राग आला होता आणि माझी ड्युटी बुडाली होती.

मयुरीचे बाबा गेले तेव्हा ती चार वर्षांची होती. मी तिला घेऊन तुझ्याकडे आले, दोन महिन्यांसाठी म्हणून. तुला तेव्हा स्थळं येत होती. कन्हानची ती मास्तरीण तर मलाही पसंत होती. तू म्हणालास, "सध्या नको." ते सध्या कधी संपलंच नाही. मी कारण विचारलं नाही, कारण उत्तर मला ठाऊक होतं. ते तुझ्या तोंडून ऐकलं असतं तर तुझे आभार मानावे लागले असते, आणि मग उठता-बसता तुझ्यावर ओरडायला मी कुठल्या तोंडाने उभी राहिले असते?

तो डबा आल्यापासूनच्या या दोन वर्षांत तू एकच गोष्ट मागितलीस. "बस ना वं पाच मिनिटं. पाहून तं जाय." बेबी उडाली की तू हे म्हणायचास. मी कधी बसले नाही. दारातून पाहायचे, हातात पळी, लाटणं नाहीतर औषधाची पट्टी. मला वाटायचं बुढ्याला खेळणं मिळालं. खेळण्यासमोर मी कशाला बसू?

आता तो दिवस. सकाळचे नऊ वाजले असतील. मी मागचं अंगण धूत होते, साबणावर पाय गेला आणि पडले. पाय मोडल्याचा आवाज मलाच ऐकू आला. मी हाक मारली, "दादा!" आणि पडल्यापडल्या वाट पाहायच्या तयारीला लागले. आता हा म्हणेल, उतरवून येतो. ओठ चावून मी ठरवलं होतं, आज याला सोडायचं नाही.

तू आलास. पहिल्या हाकेला. अनवाणी, दाराची चौकट खांद्याला घासून. मला सरळ उचललंस आणि मी त्याही अवस्थेत ओरडले, "असं नाही उचलत पेशंटले!" ऑटोत तू माझा पाय मांडीवर धरून बसलास, खड्डा आला की "हळू चाल गा भाऊ" म्हणत. मला ते तेव्हा दिसलंच नाही, की तू हातातलं काहीतरी टाकून आला होतास.

दवाखान्यात तू माझ्या खाटेजवळच्या बाकावर बसून राहिलास. घरी जा म्हटलं तर नाही. दुसऱ्या दिवशी दुपारी खांदा चोळत म्हणालास, "हे बाजू दुखून राहिली." मी म्हटलं, "मले उचललं ना, म्हणून. बाम लावून घे." मी म्हटलं हे, दादा. ज्या बाईने अख्खी नोकरी दुसऱ्यांच्या छातीतल्या कळा ओळखण्यात घालवली, तिने. थोड्या वेळाने पाहिलं तर तुझं डोकं भिंतीला टेकलं होतं. शेजारच्या खाटेवरच्या बाईला मी म्हटलं, "जरा हळू बोला, माझा भाऊ झोपला."

डॉक्टर म्हणाले, झटका यायचाच होता, घरी असते तरी आला असता. मीसुद्धा किती जणांच्या नातेवाइकांना हेच सांगितलं आहे. ते खरं असते, पण त्याचा उपयोग नसते, हे मला आता कळलं.

काल तुझं पुण्यानुमोदन झालं. भंतेजी येऊन गेले, वंदना झाली, तुझे कारखान्यातले जुने सोबती खीर खाऊन डोळे पुसत गेले. मयुरी मला पाय बरा होईपर्यंत पुण्याला नेणार आहे, म्हणून आज दुपारी ती घरातली एकेक बटणं बंद करत फिरत होती. टीव्हीपाशी आली आणि थांबली.

"आई, हा चालूच आहे."

पांढऱ्या डब्यावर नारिंगी दिवा होता. मयुरी म्हणाली, कोणी हात लावला नाही की हा आपोआप झोपतो, पण थांबवलेला गेम आत तसाच धरून ठेवतो, वीज असेपर्यंत. वीज मध्ये दोनदा गेली होती. पण तू तो इन्व्हर्टरवर जोडून ठेवला होतास. तिने टीव्ही लावला.

बेबी हवेत होती.

खोऱ्याच्या अगदी मधोमध. पंख उघडे, फडकं मागे उडालेलं, पाय खाली लोंबकळत. समोर चार ओळींची पाटी, मागे सगळं थांबलेलं. तू ते बटण हवेत दाबलं होतंस. माझी हाक आली आणि तुझ्या अंगठ्याने, इतक्या वर्षांच्या सवयीच्या अंगठ्याने, भार तिथेच सोडला. जन्मात एकदा. मी आयुष्यभर भांडत होते की तू माझ्या पहिल्या हाकेला येत नाहीस, आणि हे पाहा, तू किती उंचावरून आला होतास.

मयुरी म्हणाली, "बंद करू का? काळजी नको, ती परत डोंगराच्या पायथ्याशी उभी दिसेल. तिथपर्यंत जमा आहे."

"म्हंजे? मंग तो सकाळपासून चढला त्याचं काय?"

"ते पुसल्या जाईल. पलीकडे झोपडीपाशी उतरली तरच नोंद होते. मध्येच पडली तरी पायथ्यालाच."

"पुसल्या जाईल!" मी एवढ्याने ओरडले की माझ्या पायातून कळ गेली. "माह्या भावाची शेवटची चढाई हाये ते! कोण पुसते पाहते मी!"

पोरगी घाबरली. मग हळूच म्हणाली, "मी उतरवून देऊ? मला येते, आई."

तिला खरंच येते. दोन मिनिटांचं काम होतं तिचं. पण मी म्हटलं, नाही. हाक मी मारली होती.

तिने मला समजावलं. डाव्या अंगठ्याने दांडा वळवायचा, उजव्या बोटाने मागचं बटण दाबून धरायचं. सोडलं की पंख मिटतात. सराव नाही, दुसरी संधी नाही. माझी बोटं सांधेदुखीने वाकलेली, रिमोट हातात मावेना. मयुरीने प्लास्टरखाली उशी दिली आणि पाटीवरच्या पहिल्या, 'पुढे चालू'च्या ओळीवर नेऊन दिलं. मी दाबलं.

आणि दादा, सगळं सुटलं. वारा सुटला. तो आवाज मी स्वयंपाकघरातून रोज ऐकला होता आणि मिक्सरसारखी कटकट समजले होते. बेबी पुढे झेपावली. खाली नदी होती, उन्हाची, आणि नदीवरून तिची सावली पळत होती. गवत एका बाजूने वाकत गेलं, जसं कोणी अंगावरून हात फिरवावा. मोठंच्या मोठं आभाळ, आणि त्यात एक बाई एकटी, गाठोडं घेऊन, अजिबात न भिता. अरे, हे दाखवायला बोलावत होतास तू मला! हे पाहायला मी पाच मिनिटं बसले नाही. मी रडत होते का? होते. पण डोळे पुसायला हात मोकळा नव्हता.

माझं बोट सुटलं. पंख मिटले, बेबी दगडासारखी खाली. मयुरी किंचाळली, "दाब! आई, दाब!" मी दाबलं. पंख फाटकन उघडले. झोपडी समोर आली होती, पण मी फार उंच होते आणि फार जोरात. मला कळेना काय करायचं. तेव्हा माझी पोरगी टीव्हीच्या बाजूला जाऊन उभी राहिली. तळहात खाली करून, सावकाश हलवत, तुझ्या खलाशासारखी.

"आरिया, आई. आरिया... आरिया... बस, थोडं आणखी... आरिया..."

मी टीव्हीकडे पाहणंच सोडलं. तिच्या हाताकडे पाहत राहिले. दादा, तुला कसं जमायचं रे ते, खालच्या माणसाच्या एका हातावर एवढा विश्वास ठेवणं? माझ्या हाताला काही कळत नव्हतं, त्या पोरीच्या हाताला कळत होतं, आणि बेबी दोघींच्या मधून खाली येत होती.

टेकली. सफाईने नाही, तू हसला असतास. पाय अडखळला, दोन कोलांट्या खाल्ल्या, पालथी पडली. मी डोळे मिटले. मयुरी म्हणाली, "आई, पाहा." बेबी उठून बसली होती. फडकं झटकलं, गाठोडं चाचपलं, आणि झोपडीच्या दारात दिवा लागला. कोपऱ्यात एक छोटं चाक फिरलं आणि थांबलं. "नोंदलं," मयुरी म्हणाली, आणि जमिनीवरच बसून हुंदके द्यायला लागली. सकाळी सातपासूनची तुझी सगळी चढाई, एकेक पायरी, जमा झाली.

मग मी ते तीन रेघांचं बटण स्वतः शोधलं आणि दाबलं. दिव्याची ज्योत थांबली, गवत थांबलं. बेबी जमिनीवर उभी होती, दोन्ही पायांवर.

भार टेकला, दादा. खालून आता कोणी जात नाही. उतर ना गा.